माझा वॉल कुठाय?

परवा हायवेवरच्या एका चकचकीत गॅरेजात माझी जीभ सुटली. गाडीचा तापमानाचा काटा सारखा वर चढत होता म्हणून नेली होती. काचेची केबिन, गारेगार हवा, कॉफीचं मशीन. चाळिशीतला एक सुपरवायझर आला, टाय लावलेला, आणि मला म्हणाला, "मॅडम, थर्मोस्टॅट अडकतोय. आम्ही काढूनच टाकतो. आपल्याकडं त्याची गरजच नसते."

"हात तर लावून बघ," मी म्हणाले.

तो दचकला. सोफ्यावरची माणसं मोबाइलमधून मान वर काढून बघायला लागली. बघू देत! "काढून टाकतोस म्हणजे काय रे? खराब झालाय तर नवा घाल. काढून टाकायला तुला शिकवलं कुणी? नाव सांग त्याचं."

"सगळेच काढतात मॅडम," तो बिचारा म्हणाला.

सगळेच काढतात! हेच ऐकायचं राहिलं होतं. गाडी तशीच बाहेर काढली, वाटेत दोनदा थांबून गार केली आणि शिवाजी पेठेत घरी आणली. किल्ली टेबलावर आपटली. राग त्या टायवाल्यावर नव्हताच. ज्ञानू मिस्त्री जाऊन दीड वर्ष झालं, आणि त्याच्या वतीनं भांडायला आता माझ्याशिवाय कुणी उरलेलं नाही, एवढंच.

ज्ञानूचं गॅरेज कोल्हापुरातच, उद्यमनगरात होतं. गॅरेज म्हणजे काय, पत्र्याची शेड, पुढं दोन गाड्या उभ्या राहतील एवढी जागा, आत एक बाकडं. मी त्याला पहिल्यांदा पाहिलं त्याला पंधरा वर्षं झाली असतील. तेव्हा मी हायस्कुलात भूगोल शिकवत होते. माझी छोटी लाल गाडी रोज शाळेच्या चढावर उकळायची. तीन मिस्त्री झाले. एकानं रेडिएटर साफ केला, दुसऱ्यानं पंखा बदलला, तिसऱ्यानं नुसतीच मान हलवली. चौथा ज्ञानू.

मी आधी त्याचा शर्टच बघितला. पांढराशुभ्र, इस्त्रीचा, बाह्या कोपरापर्यंत दुमडलेल्या. त्या गल्लीत ऑइलनं काळी झालेली जमीन, काळे हात, काळे फडके, आणि हा मध्ये उभा, लग्नाला निघाल्यासारखा. मला वाटलं मालक असेल. विचारलं, "मिस्त्री कुठं गेलेत?"

"हा काय, तुमच्या म्होरं हुबा हाय की."

गाडी आणली म्हटल्यावर बॉनेट उघडायचं सोडून त्यानं मला बाकड्यावर बसवलं. म्हणाला, "बाई, आधी गार हू द्या. तापलेल्या इंजिनला आन तापलेल्या माणसाला लगीच काय इचारायचं नसतंय." तासभर बसवलं! मी घड्याळ बघतेय, हा दुसऱ्या गाडीखाली. मग इंजिन पूर्ण गार झाल्यावर त्यानं गाडी चालू केली, आणि इंजिनकडून रेडिएटरकडं जाणाऱ्या वरच्या रबरी पाइपवर हात ठेवून उभा राहिला. डोळे मिटलेले. मला म्हणाला, "तुमी काट्याकडं बगा आन सांगत ऱ्हावा."

काटा चढत गेला. अर्ध्यावर आला, अर्ध्याच्या वर गेला. "चढला हो मिस्त्री!" मी ओरडले. त्यानं माझा हात धरून त्या पाइपवर ठेवला. पाइप गार होता.

"इंजिन उकळायला लागलं आन पाइप गार. म्हंजी पाणी हिकडं यीतच न्हाय. वाट बंद हाय. वॉल अडकलाय."

त्यानं मला समजावलं ते मी पुढं वर्गात पोरांना जसंच्या तसं सांगत असे. इंजिन आणि रेडिएटरच्या मध्ये लिंबाएवढी एक पितळी वस्तू असते. थर्मोस्टॅट तिचं नाव, गॅरेजात नुसतं वॉल म्हणतात. इंजिन गार असताना हा वॉल बंद असतो, पाणी इंजिनातल्या इंजिनात फिरतं, म्हणजे इंजिन लवकर तापतं. ब्याऐंशी डिग्री झाली की त्यातलं मेण फुगतं, वॉल उघडतो, पाणी रेडिएटरकडं जाऊन गार होऊन येतं. माझा वॉल बंद अवस्थेतच अडकून बसला होता.

मी म्हणाले, "मग काढूनच टाका ना. कटकट नको."

तेव्हा त्यानं माझ्याकडं असं बघितलं की मला वाटलं आता हा मला गाडीसकट हाकलतो. "कुणी सांगितलं तुमास्नी? समोरच्यानं?" आणि त्यानं रस्त्यापलीकडं बोट केलं. पलीकडं मोठं गॅरेज होतं, दगडी पायऱ्यांचं, वर मोठी पाटी. मी म्हणाले, कुणी नाही हो, सहज म्हटलं. तरी त्यानं पाठ फिरवून वॉल काढायला घेतला.

मग स्टोव्ह पेटवला. ॲल्युमिनियमच्या पातेल्यात पाणी, पाण्यात थर्मामीटर, आणि दोऱ्याला बांधून दोन वॉल सोडले, माझा जुना आणि एक नवा कोरा. पाणी तापत गेलं. ब्याऐंशीला नवा हळूच उघडला. पाणी खळखळ उकळलं तरी माझा हूं की चूं नाही. "बगितलासा?" म्हणाला. मी म्हणाले, नवा कशाला तपासायचा? "नवा हाय म्हणून काय झालं? नवा जावई बी तपासूनच घेत्यात की."

बसवताना तर बघत राहावं. जुनी पॅकिंग नखानं खरवडून काढली. वॉलला एक बारीक भोक असतं, हवा जायला, ते वरच्या बाजूला येईल असं बसवलं. कूलंट भरून झाकण उघडंच ठेवून गाडी चालू ठेवली, बुडबुडे यायचे थांबेपर्यंत. शेवटी जुना वॉल कागदात गुंडाळून माझ्या हातात दिला. "काडलेली वस्तू गिऱ्हाइकाच्या हातात. माजा नेमच हाय तो."

त्या नेमामागं काय होतं ते मला हळूहळू कळलं. सांगितलं त्यानंच, पण तुकड्यातुकड्यांनी, दर खेपेला थोडं.

पलीकडचं पायऱ्यांचं गॅरेज वस्तादांचं. खरं नाव गणपतराव, पण सगळं उद्यमनगर वस्तादच म्हणायचं. ज्ञानू आणि दिनकर हे दोघं त्यांच्या हाताखाली तयार झालेले, दोघंही तेव्हा पंचविशी ओलांडलेले. एक दिवस आजऱ्याचे एक काजूवाले शेट घाईत आले. वॉल अडकलेला, नवा शिल्लक नाही, आणि शेटना दुपारीच सावंतवाडीला उतरायचं होतं. दिनकरनं वॉल काढला आणि तो बसतो ते नळकांडं मोकळंच बंद केलं. ज्ञानू त्याला म्हणाला, असं करू नको. ह्या इंजिनाला मागनं एक आडवाट हाय. वॉल उघडला की त्येचीच खालची चकती ती वाट बंद करती. वॉलच न्हाय म्हटल्यावर पाणी त्या आडवाटंनंच फिरंल, रेडिएटरकडं जायाचंच न्हाय. सपाटीला कळणार न्हाय, घाट चढताना उकळंल.

"दिनकर म्हनला, तू गप. जास्त शाना हुऊ नगोस."

तिसऱ्या दिवशी गाडी दोरानं ओढून आणली. आंबोलीचा घाट चढून येताना इंजिन जाम झालं होतं. शेट गल्लीच्या मध्यावर उभे राहून ओरडत होते, बाया-माणसं घाटात अडकली, वाहन नाही, पाणी नाही. सगळी गल्ली जमली. वस्तादांनी विचारलं, ह्या गाडीला हात कुणी लावलेला? आणि दिनकरनं ज्ञानूकडं बोट केलं.

ज्ञानू म्हणत होता, वस्ताद, उघडून बघा. वॉलची जागा बघा, ही पद्धत कुणाची हाय तुमास्नी म्हाईत हाय. वस्ताद म्हणाले, "उघडायची गरज न्हाय." मग शेटसमोर, गल्लीसमोर त्याच्या थोबाडीत मारली आणि म्हणाले, पुन्हा ही पायरी चढायची नाही.

"हात काळं हुतं त्येंचं," ज्ञानू मला सांगत होता. "पाची बोटं उठली तोंडावर, ऑइलची. तसाच चालत गेलो मी घरापतूर."

पांढऱ्या शर्टचा उलगडा मला त्या दिवशी झाला.

गल्लीनं त्याचं नाव ठेवलं 'इंजिनबुडव्या'. कोल्हापुरात एका गॅरेजनं दारात उभं केलं नाही. नऊ वर्षं तो शिरोळच्या बाजूला उसाच्या रानात ट्रॅक्टर दुरुस्त करत फिरला. लग्न ठरायचं, कुणीतरी उद्यमनगरात चौकशी करायचं, आणि मोडायचं. शेवटी त्यानं तो नादच सोडला. आणि परत आल्यावर ह्या पठ्ठ्यानं शेड कुठं टाकली? बरोब्बर वस्तादांच्या गॅरेजसमोर. तोवर दिनकर वस्तादांचा जावई झाला होता आणि गॅरेज त्याच्या हातात आलं होतं.

मी विचारलं, "मिस्त्री, एवढं कोल्हापूर पडलंय. नेमकी इथंच का?"

"गिऱ्हाइकाला चालत जाता यावं म्हणून."

मला तेव्हा अर्थ लागला नाही. पुढच्याच महिन्यात लागला. शिरोळचा एक ऊसवाला शेतकरी जीप घेऊन आला होता. डिझेल नुसती पिते, म्हणाला, आणि काटा कधी वर येतच नाही. ज्ञानूनं नळकांडं उघडलं, आत बोट घातलं. रिकामं. "ह्या आधी कुणाकडं काम केलंतं?" त्यानं पलीकडं बोट केलं. ज्ञानूच्या चेहऱ्यावर जे काही उमटलं त्याला मी आनंदच म्हणेन. हात पुसले, त्या माणसाला समजावलं की वॉल नसला की इंजिन कधी नीट तापत नाही, गार इंजिन तेल जास्त खातं, आतून झिजतं. इंजिनाला ताप पायजेच, बेतानं पायजे. "वॉल तुमच्या गाडीचा हुता. इकत घेताना गाडीसंगट आलेला. आता जावा आन त्येला इचारा, माझा वॉल कुठाय?"

तो गडी अंगानं चांगला आडवा, आवाज बैलाला हाक मारणारा. तरातरा रस्ता ओलांडून गेला. पायऱ्या चढला. आत आठ-दहा गिऱ्हाइकं बसलेली. "ओ पावणं! माझा वॉल कुठाय?"

दिनकर काहीतरी पुटपुटला.

"गरज नसती? मग कंपनीवाल्याला काय येड लागलंतं व्हय घालायला? माझा वॉल काढ भाईर!"

आतली सगळी गिऱ्हाइकं एकमेकांकडं बघायला लागली. एकजण उठून आपल्या गाडीचं बॉनेट उघडून बघायला लागला. ज्ञानू इकडं शेडच्या दारात, पांढरा शर्ट, हाताची घडी, ओठ मिटलेले. हसला नाही. हसला असता तर मला वाटतं त्याची मजा कमी झाली असती.

असे किती गेले असतील! महिन्याला एक तरी. भाजीवाला गेला, वकील गेले, एकदा तर एक नवी नवरी गेली, हिरव्या चुड्यासकट. प्रत्येकाचा सवाल एकच. दिनकरनं शेवटी वॉल काढणं थांबवावं ना? पण नाही. सवय लागलेली. नवीन आलेल्या कामगारांनाही तेच शिकवलेलं. त्याच्या गॅरेजात पुढं मोठी यंत्रं आली, कॉम्प्युटर आला, पण गाडी तापली की वॉल काढ, हे काही सुटलं नाही.

मी एकदा ज्ञानूला म्हणाले, "पुरे की आता. किती वर्षं त्याच्या मागं लागणार?"

"बाई, मला दिनकर नगो हाय. मला वस्ताद पायजेत. ह्येनं एकदा त्येंच्यासमोर तोंड उघडावं, आन वस्तादांनी म्हणावं, ज्ञानू, चुकलं माझं. बास. मग म्या शेड मोडून शिरोळला जातो."

आणि हे खरंच. वस्तादांबद्दल त्याच्या तोंडून कधी वावगा शब्द मी ऐकला नाही. वस्ताद फसले, असंच म्हणायचा. देवमाणूस, पण जावयानं डोळ्यांत धूळ फेकली. दसऱ्याला सगळं उद्यमनगर हत्यारं पुजून वस्तादांना सोनं द्यायला जायचं. ज्ञानूही जायचा. पायरी चढायची नाही असं सांगितलं होतं ना? मग हा खालच्या पायरीजवळ वाकायचा, आपट्याची पानं दगडावर ठेवायचा, नमस्कार करायचा आणि परत यायचा. वर वस्ताद खुर्चीत बसलेले असायचे. बघायचे, आणि मान वळवायचे. माझ्या अंगाचा तिळपापड व्हायचा. मी त्याला म्हणायचे, पानं ठेवता कशाला, दगड ठेवा! तर मलाच रागवायचा.

मी निवृत्त झाले आणि दुपारची त्या बाकड्यावर जाऊन बसायला लागले. गाडीचं निमित्त पुरायचं. अशाच एका दुपारी समोरच्या गॅरेजातून चौघांनी एक जुनी पांढरी गाडी ढकलत रस्ता ओलांडून आणली. मागं दिनकर, साठीला आलेला, मान खाली. आणि गाडीत मागच्या सीटवर वस्ताद. ऐंशीच्या वर गेलेले, गुडघे गेलेले, पण नजर अजून तशीच कडक.

वस्तादांना डॉक्टरकडं न्यायचं होतं आणि गाडी दर खेपेला उकळत होती. दिनकरच्या पोरांनी कॉम्प्युटर लावला, रेडिएटर बदलला, पंप बदलला. त्याआधी सवयीप्रमाणं वॉल काढला होताच. गाडी आणखीनच तापायला लागली. शेवटी म्हाताऱ्यानंच सांगितलं, ज्ञानूकडं न्या.

ज्ञानूनं गाडीला वाकून नमस्कार केला. म्हणजे वस्तादांना केला, पण ते काचेआड होते. मग त्यानं इंजिन गार होऊ दिलं. त्याचा नेम तो, वस्तादांसाठीही मोडला नाही. तोवर गल्ली जमायला लागली होती. कुणी बोलावलं नव्हतं. सगळ्यांनाच काहीतरी कळलं होतं.

त्यानं नळकांडं उघडलं. आत बोट घातलं. रिकामं. मागच्या सीटचं दार उघडून त्यानं वस्तादांना ऐकू जाईल अशी व्यवस्था केली, आणि मग दिनकरकडं वळला.

"दिनकर, ह्यातला वॉल कुठाय?"

"काडला," दिनकर म्हणाला.

"ह्या इंजिनाला आडवाट हाय. म्हाईत न्हवतं तुला?"

दिनकर उगाच बॉनेटची कडा पुसायला लागला.

"तुला म्हाईत हुतं. म्याच सांगितलंतं तुला, आजऱ्याच्या शेटची गाडी आलती तवा. सांग आता. त्या गाडीचा वॉल कुणी काडला?"

 दिनकरनं एकदा सासऱ्याकडं बघितलं, एकदा जमलेल्या माणसांकडं. साठीचा माणूस, घामानं भिजला होता. मला त्याची कीव आली असं लिहिलं तर ते खोटं होईल. मला आणखी चार माणसं बोलवावीशी वाटत होती.

"म्या काडला," तो म्हणाला. "ज्ञानूनं न्हाय. ज्ञानू नगो म्हनत हुता."

ज्ञानूनं श्वास सोडला. तेवढा लांब श्वास मी कुणाचा ऐकलेला नाही. तो गाडीच्या उघड्या दारापाशी गेला, गुडघे टेकून बसला, पांढऱ्या शर्टसकट त्या काळ्या जमिनीवर, आणि म्हणाला, "वस्ताद, ऐकलंसा न्हवं?"

वस्तादांनी त्याच्याकडं बघितलं. म्हणाले, "त्यात ऐकायचं काय? मला तवाच म्हाईत हुतं."

ज्ञानूला कळलंच नाही. मलाही आधी कळलं नाही.

"म्हंजी?"

"दुसऱ्या दिवशी इंजिन उघडून खातरीबी केली की म्या. जागा रिकामी. दिनकरचं काम, न कळायला काय झालं? पण पोरगी द्यायची ठरल्याली हुती त्येला. सुपारी फुटल्याली. जावयाचं नाव कसं घ्यायचं गल्लीत? तू एकटा जीव. आई न्हाय, बा न्हाय, तुज्या मागं कोण हुतं इचारायला? म्हटलं, ह्यो कुठंबी पोट भरंल." आणि अगदी सहज, कौतुकानं म्हटल्यासारखं, "भरलंसच की!"

आगं बाई गं! मी बाकड्यावरून उठले होते. माझ्या तोंडात काय काय आलं ते इथं लिहिण्यासारखं नाही. म्हाताऱ्याच्या चेहऱ्यावर लाज नव्हती, काही नव्हतं. एखादं जुनं काम कसं केलं ते सांगत असल्यासारखा सांगत होता. दिनकरचंही तोंड उघडं पडलं होतं. त्यालासुद्धा आजवर वाटत होतं की आपण सासऱ्याला फसवलंय.

ज्ञानू उठला. गुडघे झटकले. मला वाटलं आता गाडी ढकलून देईल रस्त्यावर. माझी तर इच्छा होती. त्यानं स्टोव्ह पेटवला. पातेल्यात पाणी ठेवलं, नवा वॉल दोऱ्यानं सोडला, थर्मामीटरकडं बघत बसला. ब्याऐंशीला उघडला. पॅकिंग खरवडली, भोक वर करून वॉल बसवला, कूलंट भरलं, बुडबुडे थांबेपर्यंत उभा राहिला. एक पायरी चुकवली नाही. गल्लीही हलली नाही.

गाडी निघताना वस्ताद काच खाली करून म्हणाले, "दसऱ्याला ये वर."

ज्ञानू त्यांच्याकडं बघत राहिला आणि मग दिनकरला म्हणाला, "उद्या सकाळी इंजिन गार असताना पाणी बघ. कमी झालं असंल तर घाल."

त्या दिवसापासून पलीकडं गिऱ्हाईक पाठवणं बंद झालं. रिकामं नळकांडं सापडलं की नवा वॉल घालायचा आणि गप्प बसायचा. मी एकदा न राहवून दिनकरचा विषय काढला. म्हणाला, "भ्यालतं ते. भ्यालेल्या माणसावर काय डूख धरायचा? एवढी वरसं म्या भलत्याच माणसामागं लागलो की बाई." आणि वस्तादांचं? वस्तादांचं नाव त्यानं पुन्हा घेतलंच नाही. पुढच्या दसऱ्याला सगळी गल्ली सोनं घेऊन पायऱ्या चढत होती. ज्ञानू माझ्या गाडीखाली झोपून सायलेन्सर ठोकत होता, गरज होती त्याच्या दुप्पट आवाजात.

मी त्याला शेवटचं पाहिलं ते त्यानंतरच्या उन्हाळ्यात. दुसऱ्याच दिवशी मी लेकीकडं नाशिकला गेले, तिचं बाळंतपण होतं. परत आले तोवर ज्ञानू गेलेला. झोपेत गेला, म्हणाले. शेड उतरवलेली होती.

आमच्या त्या शेवटच्या भेटीच्या दिवशी सकाळी माझ्या गाडीचा पाण्याचा पाइप फुटला होता म्हणून मी गाडी ओढून आणली होती. दहाच्या सुमाराला बातमी आली, वस्ताद पहाटेच गेले. अकरा वाजता अंत्ययात्रा उद्यमनगरातून काढायची ठरली, गॅरेजवरून. वस्ताद म्हणजे साधा माणूस नव्हता. गल्लीतलं एकेक शटर खाली यायला लागलं. लेथ थांबल्या, वेल्डिंग थांबलं, माणसं हात पुसून रस्त्याकडेला उभी राहिली. एवढी शांतता मी त्या गल्लीत कधी ऐकली नव्हती. सगळीकडं शटर खाली, आणि ज्ञानूची शेड उघडी. तो माझ्या गाडीत कमरेपर्यंत वाकलेला.

तिरडी जवळ आली. वस्तादांना मुलगा नव्हता, म्हणून पुढं दिनकर, हातात मडकं. त्यानं आमच्याकडं बघितलं आणि नजर खाली घेतली. यात्रेतले दोघंतिघं बाजूला येऊन ज्ञानूला म्हणाले, "ज्ञानू, बंद कर की. वस्ताद चालल्यात."

ज्ञानूनं मान वर केली नाही. "गिऱ्हाईक हुबं हाय," तो म्हणाला.

सगळे माझ्याकडं बघायला लागले. आता मी काय म्हणायला हवं होतं ते मला माहीत होतं, त्यांनाही माहीत होतं. तीस वर्षं शाळेत पोरांना रीतभात शिकवलेली बाई मी. असू दे मिस्त्री, उद्या नेते, एवढं म्हटलं असतं तर त्याला शटर ओढावं लागलं असतं. यात्रा अगदी समोर आली होती. ज्ञानूचे हात इंजिनावर थांबले होते आणि तो माझ्या उत्तराची वाट बघत होता.

मी पर्स काखेत मारली, रस्त्याच्या कडेपर्यंत पुढं गेले आणि वर्गात शेवटच्या बाकापर्यंत पोचायचा तो आवाज लावून म्हणाले, "मला गाडी आत्ताच पाहिजे."

ज्ञानूनं पाना उचलला आणि कामाला लागला.